शनिवारवाड्यातली किंकाळी

रात्री दोन वाजून दहा मिनिटांनी हेडफोनमध्ये किंकाळी आली. लांब, खरखरीत, शेवटी चिरकलेली. कॅमेरामनने माझा दंड घट्ट धरला. पौर्णिमेची रात्र होती आणि आम्ही शनिवारवाड्यात आलो होतो ते ‘काका, मला वाचवा’साठीच.

मी माहितीपटांसाठी साउंड रेकॉर्डिंग करते. झपाटलेल्या म्हणून बोलबाला असलेल्या वास्तूंवरची ती मालिका. परवानगी एकाच रात्रीची. एक माइक दिल्ली दरवाजाच्या आत लावला होता, दुसरा तिथून 70 मीटर दक्षिणेला, दोन्ही एकाच रेकॉर्डरला जोडलेले. लॅपटॉपवर दोन्ही ट्रॅक एकाखाली एक घेतले, तर दरवाजाजवळच्या माइकवर आवाज सेकंदाच्या पाचव्या भागाइतका आधी पोचला होता. 70 मीटर जायला आवाजाला तेवढाच वेळ लागतो. म्हणजे किंकाळी वाड्याच्या पोटातून आलीच नव्हती, दरवाजाकडून आली होती.

रखवालदारकाकांना घेऊन टॉर्चच्या उजेडात नगारखान्यात चढले. लाकडी खांबाच्या बुडाशी पांढरे ओघळ आणि अंगठ्याएवढ्या राखाडी गोळ्या. एक फोडली. आत केस आणि उंदराची इवलीशी कवटी, दात शाबूत. गव्हाणी घुबड उंदीर अख्खा गिळतं आणि न पचलेलं असं ओकून टाकतं. “हेच ओरडतं, ताई,” काका म्हणाले. “आम्ही रोज ऐकतो.”

खाली दिग्दर्शक म्हणाले, “घुबड नको. किंकाळी त्या खोलीवर टाकू.”

“कुठल्या खोलीवर, सर?”

1828च्या आगीत वाड्याचे मजले जळून गेले. उरले ते तट, दरवाजे आणि जोती. खोली आणायची कुठून?

मग मात्र माझा आवाज चढला. नारायणराव 18 वर्षांचा होता. 30 ऑगस्ट 1773, गणपतीचे दिवस. गारदी तलवारी उपसून मागे लागले, तो धावत काकाकडे, राघोबादादांकडे गेला, त्यांना मिठी मारली. चाफाजी टिळेकर नावाच्या सेवकाने त्याच्यावर स्वतःचं अंग टाकलं. तोही तिथेच मारला गेला. रामशास्त्र्यांनी चौकशी केली, राघोबादादांना दोषी धरलं. एवढं सगळं खरंखुरं घडलेलं असताना त्या पोराच्या तोंडी घुबडाचा आवाज घालायचा? माझ्या रेकॉर्डिंगमधून तर नाहीच.

दिग्दर्शक काही बोलले नाहीत. मी माइक उचलून दक्षिणेच्या लहान दरवाजाशी गेले. नारायणरावाचे अवशेष तिथून बाहेर नेले, म्हणून त्याला नारायण दरवाजा म्हणतात. तिथली नुसती शांतता पाच मिनिटं रेकॉर्ड केली. लांबून एक रिक्षा गेली, तीही राहू दिली.

साडेपाचला केबल गुंडाळत होते, तेव्हा दिग्दर्शक जवळ आले.

“त्या चाफाजीचं आडनाव काय म्हणालीस?”

मी त्यांच्या वहीत लिहून दिलं.