सांगलीत बसून पाहिलेले डच कॅबरे
काल रात्री गावभागातल्या घरी सगळे झोपल्यावर मी ‘नेरलंड्स होप’ या डच जोडीच्या दूरचित्रवाणीवरील सादरीकरणाचे जुने चित्रमुद्रण पाहिले. १९६८ ते १९७९ या काळात चाललेल्या या कॅबरेत, म्हणजे विनोद आणि गाण्यांच्या रंगमंचीय कार्यक्रमात, फ्रेक द योंगे असंबद्ध बोलण्याचा धबधबा सोडतात, तर पियानोवर बसलेले ब्राम फर्म्यूलन त्या बोलण्याला सुरातालात बांधून ठेवतात. भाषेतला एक शब्दही कळत नसताना, केवळ बोलता बोलता मध्येच थांबण्याच्या त्या ढंगाने मला खळखळून हसू आले. विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये जिथे ‘सीतास्वयंवर’ रंगवले, त्या नाट्यपंढरीत वाढलेल्या मला सोंगाड्या आणि साथीदाराची ही जुगलबंदी मुळीच परकी वाटली नाही. लष्करी राजवटीतल्या अर्जेंटिनात १९७८ च्या विश्वचषकासाठी डच फुटबॉल संघाने जाऊ नये, म्हणून याच दोघांनी मोहीम चालवली होती.