सोव्हिएत संघावर ठिगळ नाही

शाळेच्या जुन्या ग्लोबवर छपाईचं साल बहुधा नसतं. म्हणून असा ग्लोब कामाला आला की मी आधी आफ्रिका बघते. विसाव्या शतकाच्या मधल्या दोन दशकांत तिथली नावं इतक्या भराभर बदलली, की नकाशा कधी काढला असेल हे बऱ्यापैकी नेमकं सांगता येतं.

मी ठाण्यात, नौपाड्यात, कागद-संवर्धनाचं काम करते. येतात त्या मुख्यतः पोथ्या, जुन्या सनदा, वाटणीपत्रं, वाळवीने खाल्लेले फोटो. ग्लोब क्वचितच येतो. गेल्या जुलैत, भर पावसात, जवळच्याच एका मराठी शाळेच्या मुख्याध्यापिका आणि शाळेचे शिपाईमामा रिक्षातून एक ग्लोब घेऊन आले. प्लॅस्टिकच्या दोन पिशव्यांत गुंडाळलेला, तीस सेंटिमीटर व्यासाचा, मराठी नावांचा. दक्षिण ध्रुवाजवळ पोचा आला होता आणि सगळ्या गोलावर चॉकलेटी रंगाचा जाड थर होता. कुणीतरी टेबल-खुर्च्यांसोबत त्यालाही फ्रेंच पॉलिश मारलं होतं.

शाळेचा अमृतमहोत्सव तोंडावर आला होता. बाई म्हणाल्या, "समितीचं म्हणणं आहे, आजचा नकाशा छापून वरून चिकटवून घ्या. गोल तसाच राहील आणि मुलांना बरोबर देश दिसतील."

तसं करता येतं, आणि तो मार्ग जुनाही आहे. छापील ग्लोब बनवायची रीत पाचशे वर्षांत फारशी बदलली नव्हती. कागद एका दिशेने वाकतो, दोन दिशांनी एकदम वाकत नाही. गोलावर सपाट कागद बसवला की सुरकुत्या पडतात. म्हणून नकाशा दोन्ही टोकांना निमुळत्या पाकळ्यांमध्ये छापायचा, बहुधा बारा, प्रत्येक पाकळी तीस अंशांची. जर्मन नकाशाकार मार्टिन वाल्डसेम्युलरने १५०७ साली अशा पाकळ्या छापल्या. ग्लोबसाठी छापलेल्या पाकळ्यांमध्ये त्या सर्वांत जुन्या मानल्या जातात आणि 'अमेरिका' हे नावही त्यांच्यावर आहे. त्याच्या पंधरा वर्षं आधीचा, न्यूरेंबर्गच्या मार्टिन बेहाइमचा गोल हाताने रंगवलेला होता. आज टिकून असलेला पृथ्वीचा सर्वांत जुना गोल तोच. त्याचं काम १४९२ साली चाललं होतं आणि कोलंबस परतला मार्च १४९३ मध्ये, त्यामुळे त्यावर युरोपच्या पश्चिमेला समुद्र, बेटं आणि मग थेट आशिया आहे.

कागदाच्या लगद्याचा पोकळ गोल, वर प्लास्टरचा हात, त्यावर खळीने भिजवलेल्या पाकळ्या. खरं कसब इथेच लागतं. ओला कागद ताणतो, आणि आडवा-उभा सारखा ताणत नाही. आमच्या ग्लोबची एक पाकळी विषुववृत्तावर जेमतेम ७.८ सेंटिमीटर रुंद. प्रत्येक पाकळी एक मिलिमीटर जास्त ताणली तर बाराव्या पाकळीपाशी जवळजवळ सव्वा सेंटिमीटर कागद उरतो, म्हणजे एखादा छोटा देशच. या ग्लोबवरच्या जोडरेषा केसाएवढ्या अचूक जुळल्या होत्या. कुणी चिकटवला माहीत नाही, पण हात पक्का होता.

मी बाईंना म्हटलं, "आधी तो काय आहे ते बघू, मग ठरवू." कापसाच्या बोळ्यावर थोडं स्पिरिट घेऊन पॉलिश किती सुटतं ते पाहिलं. आफ्रिकेत घाना होता, म्हणजे नकाशा १९५७ नंतरचा. इजिप्त आणि सीरियावर मिळून 'संयुक्त अरब प्रजासत्ताक', म्हणजे फेब्रुवारी १९५८ नंतरचा. बेल्जियन काँगो अजून बेल्जियन, म्हणजे ३० जून १९६० च्या आधीचा. गिनी ऑक्टोबर १९५८ मध्ये स्वतंत्र झाला, तो इथे फ्रेंच पश्चिम आफ्रिकेतच होता. त्यावरून मूळ नकाशा १९५८ सालचा धरायला हरकत नव्हती. विक्री पुढे दोन-चार वर्षं चालली असेल. नकाशा मागे राहिला तरी कारखानदार साठा फेकत नाहीत.

मग मी दिवे बंद केले आणि टॉर्च आडवा धरला. तिरप्या उजेडात पृष्ठभागाचा चढउतार दिसतो, म्हणून ही तपासणी मी प्रत्येक कामात करते. बंगालच्या उपसागराच्या वर एक चौकोन उठून दिसला. करंगळीच्या नखाएवढा. त्याच्या खाली, श्रीलंकेजवळच्या समुद्रात, दुसरा. गोल फिरवला तर आफ्रिकेच्या पूर्व आणि दक्षिण भागात आणखी.

भिंगाखाली कळलं, ते एकरेघी वहीचे तुकडे होते. फिकट निळी रेघ पॉलिशमधूनही ओळखू येत होती. त्यांवर हाताने लिहिलेली नावं: टांझानिया, झांबिया, बांगलादेश, श्रीलंका, झिंबाब्वे, नामिबिया. एकच अक्षर नव्हतं. पहिली दोन बारीक टोकाच्या निबने, काळजीपूर्वक लिहिलेली. बांगलादेश आणि श्रीलंका गोल, भरघोस अक्षरात, शाईपेनने. झिंबाब्वे आणि नामिबिया बॉलपेनने. १९६४ पासून १९९० पर्यंत या शाळेत कुणी ना कुणी भूगोलाचे शिक्षक जग बदललं की कात्री, डिंक आणि वहीचा कागद घेऊन बसत होते. मला भरून आलं.

नामिबियाची अक्षरं फुटून पसरली होती. बॉलपेनची शाई स्पिरिटमध्ये विरघळते आणि फ्रेंच पॉलिश म्हणजे स्पिरिटमधली लाखच. म्हणजे पॉलिश १९९० नंतर मारलं गेलं. सोव्हिएत संघावर मात्र एकही तुकडा नव्हता. तिथे एका नावाने भागलं नसतं, पंधरा देशांच्या सीमा आखाव्या लागल्या असत्या.

बाई बराच वेळ भिंगातून बघत होत्या. त्या मूळच्या चाळीसगावच्या. जवळच पाटणला भास्कराचार्यांच्या नातवाचा शिलालेख आहे हे त्यांनीच सांगितलं, आणि भास्कराचार्यांनी ११५० च्या ग्रंथात बांबूच्या काड्यांचा खगोल कसा बांधायचा ते लिहिलं आहे, हेही. मग विचारलं, "आकाशाच्या गोलाला अशी ठिगळं लागत नसतील ना?"

लागत नाहीत, पण आकाशही शिळं होतं. संपात, म्हणजे जिथून ताऱ्यांचे रेखांश मोजतात तो आकाशातला बिंदू, हळूहळू सरकतो, त्यामुळे ताऱ्यांचे रेखांश साधारण ७२ वर्षांत एका अंशाने वाढतात. तीस सेंटिमीटरच्या गोलावर तो अंश अडीच मिलिमीटरपेक्षा थोडा जास्त भरतो. म्हणून जुने कारागीर ग्रीक ज्योतिषी तॉलेमीच्या किंवा समरकंदच्या उलूग बेगच्या यादीतले तारे घेऊन त्यांत मधल्या काळाची वाढ मिळवत, आणि ती वाढ मोजून आपण गोलाचा काळ काढू शकतो. मुघल काळात लाहोर आणि काश्मीरच्या कारागिरांनी मेणाचा नमुना वितळवून काढायच्या ओतकामाने पितळेचे असे खगोल बनवले, आतून पोकळ आणि कुठेही सांधा नसलेले. अली काश्मिरीचा गोल १५८९-९० चा आहे. धातूत ओतलेल्या आकाशावर ठिगळ लावता येत नाही. नव्या पिढीला नवा गोल ओतावा लागतो.

युरोपातल्या ग्लोबकारांनीही जुन्या गोलांवर दुरुस्तीचे तुकडे चिकटवले आहेत. आज संग्रहालयं ते तुकडे सोलून काढत नाहीत. मी बाईंना स्पष्ट सांगितलं, नवा नकाशा चिकटवायचा असेल तर काम दुसऱ्याकडे द्या. वर्गासाठी आजचा ग्लोब बाजारात काहीशे रुपयांना मिळतो. हा शाळेने स्वतः दुरुस्त केलेला आहे, दुसरा मिळणार नाही.

त्यांनी तिथूनच समितीच्या अध्यक्षांना फोन लावला. बोलणं लांबलं. मी तोवर शाया तपासल्या. शाईपेनची शाई पाण्याने सुटत होती, बॉलपेनची स्पिरिटने. एकीला वाचवायला जावं तर दुसरीला धोका. म्हणून पॉलिश काढताना प्रत्येक तुकड्यावर सायक्लोडोडेकेनचा थर द्यायचं ठरवलं. हा मेणासारखा पदार्थ स्पिरिट सहजासहजी आत जाऊ देत नाही आणि काही दिवसांत आपोआप उडून जातो. जुलैच्या दमट हवेत खळ वाळत नाही, त्यामुळे पोचा भरायचं काम पाऊस ओसरल्यावर.

फोन ठेवून बाई म्हणाल्या, "ठिगळं राहू देत. शेजारी सालांसकट तक्ता लावू. पण मुलांना फिरवून बघता आला पाहिजे."

याला मी तयार झाले. आस नवा बसवून देईन, म्हटलं. फिरवायचा तो शिक्षकांनी, बाजूच्या पितळी कड्याजवळ बोट ठेवून, कागदाला हात न लावता.