गॅलियम : आधी वर्णन, मग धातू

मूलद्रव्यांच्या शोधकथांमध्ये मला सर्वांत मोहक वाटते ती गॅलियमची, कारण या धातूचे वर्णन आधी कागदावर झाले आणि तो हाती नंतर आला. रशियन रसायनशास्त्रज्ञ दिमित्री मेंडेलीव्ह यांनी १८७१ मध्ये आवर्तसारणीत ॲल्युमिनियमच्या खाली राहिलेली रिकामी जागा पाहून तेथील अज्ञात मूलद्रव्याचा अणुभार सुमारे ६८ आणि घनता सुमारे ६ असेल असे सांगितले व त्याला ‘एका-ॲल्युमिनियम’ म्हटले. यातील ‘एका’ म्हणजे संस्कृतातला ‘एक’, हे प्रथम वाचले तेव्हा मी उगाचच सुखावलो होतो.

पुढे १८७५ मध्ये फ्रान्सच्या लकॉक द ब्वाबोद्रां यांना जस्ताच्या खनिजाचा वर्णपट तपासताना दोन अनोळखी जांभळ्या रेषा दिसल्या. त्यांनी नव्या धातूची घनता ४.७ मोजली, तेव्हा तो धातू कधीही न पाहिलेल्या मेंडेलीव्ह यांनी नमुना शुद्ध करून पुन्हा मोजण्यास सुचवले, आणि फेरमोजणीत आकडा ५.९ आला. सिद्धांताने प्रयोगाची चूक दाखवून द्यावी, असे प्रसंग विरळाच.

नाव ‘गॅलिया’ या फ्रान्सच्या लॅटिन नावावरून आले. लॅटिन ‘गॅलस’ आणि फ्रेंच ‘ल कॉक’ या दोन्हींचा अर्थ कोंबडा, म्हणून संशोधकाने स्वतःचेच नाव धातूला चिकटवले अशी कुजबुज झाली. त्यांनी ती नाकारली.

गॅलियम २९.७६ अंश सेल्सिअसला, म्हणजे तळहाताच्या उबेनेही वितळतो. उकळायला मात्र सुमारे २,४०० अंश लागतात. गोठताना तो पाण्याप्रमाणेच प्रसरण पावतो, त्यामुळे काचेची बाटली त्याने काठोकाठ भरून ठेवू नये.