निषाद

रविवार, रात्री उशिरा

धाकट्या भाचीने सकाळी मी रचलेलं ‘उंबरठ्याचं गाणं’ गाऊन पाठवलं आणि दिवस बिघडला. बिघडला म्हणजे काय, एक स्वर बिघडला. चौथ्या ओळीत मी शुद्ध निषाद, म्हणजे वरचा ‘नी’, लिहिलाय, तिने कोमल लावला, अर्धा स्वर खालचा. एकदा नाही, तिन्ही वेळा. आणि इतक्या सहज, की मीच वही उघडून खात्री करून घेतली.

हा निषाद म्हणजे गाण्याचा जीव आहे. दादाने मनाने रचलेल्या राज्यात नवी राणी दगडी सभागृहाच्या दारात येऊन थांबते. आतून गाणं सुरू होतं, आणि शेवटचा स्वर दगडात पूर्ण विरेपर्यंत तिने पाऊल उचलायचं नाही. म्हणून मी चौथ्या ओळीत सगळ्यांना शुद्ध निषादावर थांबवलं. वरचा षड्ज, म्हणजे ‘सा’, अर्ध्या स्वरावर, हाताशी आलेला, आणि तरी लावायचा नाही. पाय उचललेला पण टेकलेला नाही, तसं. तीन महिने मी त्या एका थांब्याशी झटले. सभागृहात आवाज सात सेकंद घुमतो असं दादाने ठरवलंय, म्हणून मधल्या सगळ्या हरकती काढून टाकल्या. नाहीतर मागचा स्वर पुढच्यात मिसळून सगळा चिखल होतो. इतकं सगळं त्या एका जागेसाठी. आणि तिथे ही पोरगी कोमल लावून ऐसपैस बसते. कुठे ओढ नाही, घाई नाही. राणी जणू दारातच चटई टाकून बसली.

दादाला पाठवलं तर म्हणाला, “छान गायलीय की.” बस. त्याला फरक कळलाच नाही. आईला कळला असता. असो.

दुपारभर हाच चाळा. एकदा वाटलं, मुद्दाम करतेय. मग वाटलं, माझं लिहिलेलं कुणी नीट वाचतच नाही, पहिल्यापासून हेच. मग रडूही आलं थोडं. एका निषादासाठी रडणारी बाई, तीही जे राज्य अस्तित्वातच नाही त्याच्यासाठी.

संध्याकाळी चूक नेमकी कुठे शिरली ते शोधायला बसले. तिला ऐकायला दिलेला शिंगांचा ट्रॅक लावला आणि दुसऱ्या ओळीला हात कपाळावर गेला.

शिंगं मीच साधी घेतली होती. भोकं नाहीत, कळा नाहीत. त्या राज्यात कळांची शिंगं शोभली नसती. आपल्या जगातही ती 1818च्या सुमाराला आली, त्याआधी वादक शिंगाच्या रुंद तोंडात हात घालून स्वर थोडाफार वरखाली करायचे. साध्या शिंगात ओठ आवळत, फुंकर घट्ट करत गेलं की स्वर ठरावीक पायऱ्यांनीच चढतो. चौथ्या पायरीवर षड्ज, पाचव्यावर गंधार, सहाव्यावर पंचम, आठव्यावर पुन्हा षड्ज. आणि मधली सातवी? तिथे निषाद मिळतो, पण कोमल. तोही पेटीवरच्या कोमल निषादापेक्षा जवळजवळ तृतीयांश अर्धस्वराने खाली. शुद्ध निषाद हवा असेल तर पंधराव्या पायरीपर्यंत चढावं लागतं, तिथे वादकाचे ओठ फाटतील. आणि दुसऱ्या ओळीत शिंगांना सहावी-सातवी-आठवी ही चाल कुणी दिली? मीच. ऐकायला जुनी, रानटी वाटते म्हणून खूशही झाले होते.

म्हणजे धाकटीने चूक केलीच नव्हती. तिने शिंगं ऐकली आणि शिंगांसारखं गायली. त्या राज्यात जन्मलेली कुठलीही मुलगी तेच गायली असती. शुद्ध निषाद तिथे कुणाच्या कानावर पडलाच कुठून असता? तो माझ्या घरच्या पेटीतून आला.

खरी गंमत पुढेच. माझ्याच वहीत, माझ्याच अक्षरात, दोन पानं आधी लिहिलंय: ‘हे गाणं चारशे वर्षं तोंडोतोंडी चालत आलेलं आहे.’ खाली हेही, की तिथली स्वरलिपी फक्त खुणांची. चाल वर जाते की खाली एवढंच दिसतं, नेमका स्वर कोणता ते नाही. युरोपातल्या मठांत नवव्या शतकात तशाच खुणा होत्या. चाल आधी पाठ असायची, खूण फक्त आठवण करून द्यायला. आडव्या रेघांवर स्वर बसवायची पद्धत ग्विदो नावाच्या इटालियन साधूने अकराव्या शतकात रुळवली. त्या रेघा मी दादाच्या राज्याला मुद्दाम दिल्या नाहीत. फार हुशारी केली होती. म्हणजे त्या राज्याच्या हिशेबाने धाकटीचं गाणं बरोबर आहे. खूण ‘वर’ म्हणते, ती वर गेली.

चारशे वर्षं तोंडोतोंडी म्हणे. मला चोवीस तास निघेनात.

मग तिचं गाणं डोळे मिटून पुन्हा ऐकलं. शिंगं आणि तिचा आवाज चौथ्या ओळीत एकमेकांना असे चिकटतात की जोड दिसत नाही. माझा शुद्ध निषाद त्यांच्यावर ठेवला की करकरतो. इतके दिवस त्या करकरण्याला मी ताण म्हणत होते. ओढ गेली हे खरंच आहे, त्याचं वाईट वाटतंच. पण दारात थांबलेल्या राणीला आत जायची घाई असेल, हे तरी मी कशावरून धरलं? आत कुणाच्या जागेवर बसायचंय ते तिला माहीत असतं. माझ्या हे लक्षात यायला हवं होतं, मला तरी.

वहीत समासात लिहिलं: ‘नदीपलीकडची घरं निषाद उतरता लावतात.’ मग ‘नदीपलीकडची’ खोडलं.

तेवढ्यात फोन वाजला. धाकटीचा निरोप: “मावशी, सॉरी गं, वही आत्ता नीट बघितली. निषाद शुद्ध होता ना? दहा वेळा घोटून परत गायलेय. आधीचं उडवून टाक.”

ऐकलं. एकदम चोख लावलाय. मी लिहिला तस्साच.

साडेअकरा झाले. ती झोपली असेल. आधीचं उडवलं नाही, आणि तिला काय लिहायचं ते अजून सुचत नाहीये.