खळ्यातल्या पडद्यावर लेनिनग्राड काउबॉइज

मे महिना. चाकरमानी गावी आलेले, खळ्यात माटव अजून उभा. पडदा बांधून काहीतरी वेगळं दाखवायचं असेल तर लेनिनग्राड काउबॉइज या थट्टेखोर फिनिश बँडचे चित्रपट दाखवा.

'स्लीपी स्लीपर्स' या फिनिश रॉक बँडमधले साक्के यार्वेनपॅ आणि मातो वाल्तोनेन यांनी दिग्दर्शक आकी कौरिस्मॅकीबरोबर केलेली ही थट्टा. कपाळापुढे हातभर आलेला केसांचा कोंबडा आणि तसेच टोकदार बूट. 1989 च्या 'लेनिनग्राड काउबॉइज गो अमेरिका'मध्ये हे लोक गोठून गेलेल्या सोबत्याची शवपेटी गाडीच्या टपावर घेऊन मेक्सिकोतल्या लग्नात वाजवायला निघतात. त्यांना ती गाडी विकतो तो जिम जार्मुश, स्वतः नावाजलेला दिग्दर्शक. पुढे थट्टेतला बँड खराच झाला: 12 जून 1993 ला हेलसिंकीच्या सिनेट चौकात तो रशियन लष्कराच्या अलेक्झांड्रोव्ह वाद्यवृंदासोबत वाजला. कौरिस्मॅकीने त्याचाही चित्रपट केला, 'टोटल बालालाइका शो'. 1994 च्या एमटीव्ही पुरस्कारांत बँड आणि वाद्यवृंदाची हीच जोडी अमेरिकेच्या टीव्हीवर दिसली.

आपल्याकडे दशावतारातला संकासूर अंगविक्षेपांनी हसवतो. इथे एकाचाही चेहरा हलत नाही, संवादही मोजकेच. म्हणून मराठी सबटायटल्स लिहिताना विनोद फोडून सांगू नका. जास्तीत जास्त दोन छोट्या ओळी, बस. फाइल युटीएफ-8 या एन्कोडिंगमध्ये साठवा, नाहीतर देवनागरीच्या जागी प्रश्नचिन्हं येतात. जोडाक्षरं तुटत असतील तर प्लेअरमधला फाँट बदला.

खरा घोळ वेगाचा. युरोपातल्या डीव्हीडीवर चित्रपट सेकंदाला 25 चौकटींनी (फ्रेम) धावतो, ब्लू-रेवर बहुधा 24. डीव्हीडीवर बेतलेली सबटायटल्स ब्लू-रेला लावली की दर मिनिटाला अडीच सेकंद आधी येऊ लागतात, तासाभरात अडीच मिनिटं. सुरुवात पुढे-मागे सरकवून हे सुटत नाही, पुन्हा बिघडतं. सगळ्या वेळांना 25 भागिले 24, म्हणजे 1.0417 ने गुणावं लागतं. 'सबटायटल एडिट' या प्रोग्राममध्ये चौकटींचा वेग बदलला की ते आपोआप होतं. मग शेवटचा संवाद लावून बघा, पहिला नव्हे.

लोक चटईवर बसणार, म्हणून पडद्याची खालची कड जमिनीपासून चार फुटांवर हवी. नाहीतर पुढच्यांच्या डोक्यांआड ओळी जातात. खाऱ्या वाऱ्याने कापड शिडासारखं फुगतं, तेव्हा खालच्या शिवणीत बांबू ओवा. स्पीकर पडवीच्या भिंतीला टेकवू नका. खर्ज घुमतो आणि 'बालालाइका'तलं कोरस गढूळ होतं. दिव्याचा प्रोजेक्टर असेल तर इन्व्हर्टर हवाच, कारण लाईट गेली की पंखाही थांबतो आणि तापलेला दिवा तसाच राहतो.

आणि हो, जाहीर खेळाला हक्कधारकाची परवानगी लागते, गावकीचा कार्यक्रम असला तरी.

आठ वाजता 'गो अमेरिका', मग चहा, मग 'बालालाइका'. याच बँडचा 1994 चा चित्रपट 'मीट मोझेस' मी तरी वगळेन. तिथे थट्टा ताणलेली वाटते. त्यापेक्षा चहाच्या वेळेत त्यांचाच लघुपट 'दीज बूट्स' लावा. पाचेक मिनिटांचा आहे, कप हातात फिरेपर्यंत संपतो.