कालिका यात्रेतून अंबडच्या शेडमध्ये

नवरात्रात नाशिकच्या जुन्या आग्रा रोडला कालिका यात्रेत पाळण्यांशेजारी भूतबंगला लावायचा, इथून आमचा धंदा सुरू झाला. आत स्प्रिंगवरचा सांगाडा, टेपवरचं खदाखदा हसणं. सांगाडा ठरल्या वेळी उडतो, समोर कोणी असो-नसो. जिवंत माणूस मात्र दबा धरून बसतो, कोण कोणाच्या मागे लपतंय ते हेरतो आणि मग येतो. म्हणून यंत्रं कमी करत हौशी रंगभूमीवरची मुलं घेतली आणि पुढे अंबडला शेड.

मुखवट्यावर खर्च करायला सगळेच तयार असतात, पण खेळ तरतो तो दोन गटांमधल्या अंतरावर. 6 जणांचा गट दर 3 मिनिटांनी सोडला तर तासाला 120 माणसं होतात. रविवारी रांग वाढली की तिकीटखिडकीवरचा माणूस दीड मिनिटाने सोडू लागतो. मग मागच्यांना पुढच्यांच्या किंकाळ्या ऐकू येतात, कुठल्या कोपऱ्यावर काय आहे ते आधीच कळतं आणि नट अजून जागेवर परतलेला नसतो. पाठमोरं पळणारं भूत दिसलं की तिकिटाचे पैसे वाया!

नटाने समोरून आडवं यायचं नाही. तसं केलं की लोक उलटे फिरून मागच्यांवर आदळतात. बाजूने किंवा मागून आलं की गट आपसूक पुढच्या दालनात सरकतो. नट ज्या खिडकीतून येतो तिचा कठडा कमरेएवढा, नट त्याच्या आत हातभर, कारण घाबरलेल्याचा हात तोंडाआधी चालतो. अंधाऱ्या बोळाच्या आधीची खोली मुद्दाम लख्ख ठेवतो. डोळे अंधाराला सरावेपर्यंत नट अगदी जवळ उभा असला तरी दिसत नाही. ओरडायचं पोटातून; घशातून ओरडणाऱ्याचा आवाज दुसऱ्या दिवशी बसलेला असतो.

आगीच्या बाबतीत तडजोड नाही. 11 मे 1984 रोजी अमेरिकेत न्यू जर्सीतल्या अशाच एका भुताच्या किल्ल्यात आग लागून 8 मुलं गेली; आत पेट घेणारा फोम होता, पाण्याचे फवारे नव्हते. आमच्याकडे फोम वर्ज्य. काळ्या कापडासाठी 10 लिटर गरम पाण्यात 700 ग्रॅम टाकणखार आणि 300 ग्रॅम बोरिक पावडर विरघळवतो, कापड बुडवून पिळतो, वाळवतो. मग एक पट्टी बाहेर नेऊन काडी लावायची. काडी दूर केल्यावर ती विझली पाहिजे. पत्र्याच्या सांध्यातून पाऊस गळून कापड भिजलं की हे सगळं धुऊन जातं, तेव्हा पुन्हा पहिल्यापासून.

धुक्याच्या मशीनमुळे धूर ओळखणारी घंटा उगाच वाजते आणि ती बंदच करून टाकायचा मोह होतो. त्या दालनात आम्ही उष्णता ओळखणारी बसवली. तरी नुसती घंटा पुरत नाही, लोकांना तोही खेळच वाटतो. म्हणून प्रत्येक नटाच्या हाताशी एक लाल बटण आहे: दाबलं की आवाज बंद, सगळे पांढरे दिवे चालू. वीज गेली तर बाहेरच्या वाटेचे दिवे इन्व्हर्टरवर. हे बटण रोज खेळाआधी दाबून पाहिल्याशिवाय तिकीटखिडकी उघडत नाही.