तोफेवर तुम्ही किती नंबरचे होता?

नाशिकजवळच्या देवळाली कॅम्प, भगूर, विहितगाव या पट्ट्यात निवृत्त तोफखानेवाले बरेच. 1971 च्या युद्धात विशीत असलेले आता पंच्याहत्तरीला टेकलेत. त्यांच्या आठवणी रेकॉर्ड करायच्या असतील तर ‘दिवाळीनंतर बघू’ चालणार नाही.

‘युद्धात काय झालं, सांगा ना’ असं विचारलं की 15 ऑगस्टच्या भाषणांत सांगून सांगून गुळगुळीत झालेलं तेवढंच बाहेर येतं. कामाचं विचारा. पंचवीस पाउंडर तोफेवर सहा जण असत. एक नंबर तोफेचा कमांडर, दोन नंबर ब्रीच (तोफेचं मागचं, गोळा भरायचं तोंड) सांभाळणार आणि गोळा आत ठोकणार, तीन नंबर नेम धरणार, चार नंबर भरणार, पाच-सहा दारूगोळ्यावर. गोळा वेगळा, काडतूस वेगळं. काडतुसात लाल, पांढरी, निळी अशा चार्जच्या, म्हणजे गोळा फेकणाऱ्या दारूच्या, पिशव्या. मारा जवळचा असला की आधी निळी काढायची. ‘साहेब, तुम्ही किती नंबरचे?’ म्हटलं की आजोबांचे हात आपसूक चालायला लागतात. म्हणून व्हिडिओ काढताना नुसता चेहरा नको, हातही चौकटीत हवेत.

तारखांचा घोळ होतोच. दोन्ही लढाया पाहिलेल्यांच्या बोलण्यात 65 आणि 71 एकमेकांत मिसळतात. मध्येच चूक काढू नका, माणूस गप्प होतो. नंतर पदकं बघा: समर सेवा स्टार 1965 चा, पूर्वी स्टार आणि पश्चिमी स्टार 1971 चे, त्यांवरून आघाडीही कळते. ‘3 डिसेंबरला संध्याकाळी कुठे होता?’ हाही हमखास चालणारा प्रश्न, 71 चं युद्ध त्याच संध्याकाळी पेटलं. डिस्चार्ज बुकाच्या (फौज सोडताना मिळालेल्या नोकरीच्या नोंदवहीच्या) प्रत्येक पानाचा फोटो घ्या. पदकं मात्र ब्रासोने घासू नका. कोरलेला नंबर आणि नाव झिजतं. (घरच्यांना चकचकीतच हवी असतात, समजावून सांगा.)

तोफांच्या आवाजाने बहुतेकांचे कान गेलेले असतात. समोर बसा, ओठ दिसू द्या, एका वेळी एकच प्रश्न. फोन एअरप्लेन मोडवर, पंखा बंद, माइक छातीपासून वीतभर. रेंजवर फायरिंग चालू असेल तो दिवस टाळा, ते दणके रेकॉर्डिंगमध्ये उतरतात. तासाभराच्या वर बसवू नका. मुलगा किंवा सून शेजारी बसून ‘अहो बाबा, ते नाही का’ करत असेल तर गोडीत चहाला पाठवा.

सोबत्याच्या मरणाशी आले की थांबतात. थांबू द्या. रेकॉर्डर बंद करू का, एवढंच विचारा. ते नाव बाहेर जाऊ द्यायचं की नाही, ते लेखी घ्या. त्या जवानाचं घर कुठेतरी आहे.

मूळ ऑडिओ फाइल वेव्ह (.wav) स्वरूपात, तीन प्रती, एक दुसऱ्याच्या घरी. लिहून काढताना फौजी हिंदी तशीच ठेवा. ‘गन पोझिशन पर पहुँचे’ म्हणाले असतील तर तेच लिहा, त्याचं शुद्ध मराठी करत बसू नका.